पेशी नुसती फिरतेय की कुठे निघालीय? न्यूट्रोफिलची वाट मोजण्याची पद्धत

पायात काटा रुतला की पहिल्या काही तासांतच न्यूट्रोफिल या पांढऱ्या रक्तपेशी तिथे हजर होतात. रक्तवाहिनीच्या भिंतीवर सिलेक्टिन नावाच्या प्रथिनांच्या आधाराने घरंगळत येतात, इंटिग्रिन या दुसऱ्या प्रथिनांनी घट्ट धरून थांबतात आणि भिंतीच्या पेशींमधल्या फटीतून बाहेर पडतात. ऊतकात शिरल्यावर त्यांना वाट दाखवतं ते रसायनांचं कमी-जास्त प्रमाण: जिवाणूंचे फॉर्मिल पेप्टाइड, तिथल्या मॅक्रोफेजनी (ऊतकातल्या भक्षक पेशींनी) बनवलेलं आयएल-८ हे प्रथिन, आणि आधी पोचलेल्या न्यूट्रोफिलनी स्वतः सोडलेलं ल्युकोट्रायीन बी४. ही वाटचाल बघायला फार महागडी साधनं लागत नाहीत. सेंट्रिफ्यूज, इन्क्युबेटर, कॅमेरा लावलेला इन्व्हर्टेड मायक्रोस्कोप आणि १० मिली ताजं रक्त एवढ्यावर एम. एससी.च्या प्रबंधापुरता भक्कम प्रयोग उभा राहतो.

एक गोष्ट मात्र पहिल्या दिवसापासून डोक्यात पक्की हवी. रसायन घातल्यावर पेशी जास्त हलल्या, म्हणजे त्या रसायनाच्या दिशेने गेल्या असं होत नाही. काही रसायनं पेशीला नुसती चपळ करतात. वेग वाढतो, दिशा नसते. याला केमोकायनेसिस म्हणतात. दिशा धरून जाणं म्हणजे केमोटॅक्सिस. बाहेरून बघताना दोन्हींत ‘पलीकडे पोचलेल्या पेशी’ वाढलेल्या दिसतात. हा फरक पोचलेल्या पेशी मोजून झाल्यावर आकडेमोडीतून काढता येत नाही, तो विहिरींच्या (प्रयोगाच्या प्लेटमधल्या खळग्यांच्या) मांडणीतच बसवावा लागतो. पुढच्या बहुतेक सूचना त्यासाठीच आहेत.

रक्त येण्याआधी

न्यूट्रोफिल गोठवून ठेवता येत नाहीत आणि शरीराबाहेर त्यांचं आयुष्य तासांतच मोजायचं. रक्त काढल्यापासून शेवटच्या चित्रापर्यंत सहा तास धरा. म्हणजे सकाळी नऊला रक्त, साडेअकरापर्यंत पेशी वेगळ्या, दुपारी तीनपर्यंत काम संपलेलं. बफर (पेशी ज्यात ठेवायच्या ते क्षारांचं द्रावण), पातळ केलेली रसायनं आणि अगारोजच्या (जेलीसारख्या पदार्थाच्या) डिश हे सगळं रक्त हातात येण्याआधी तयार असलं पाहिजे.

एथिक्स कमिटीची लेखी मंजुरी आणि रक्तदात्याची सही घेतल्याशिवाय सुई लावायची नाही. संमतीपत्र दात्याला वाचता येईल अशा भाषेत हवं. नळीवर नाव नको, कोड घाला.

दात्याला चार प्रश्न विचारा. गेल्या दोन आठवड्यांत ताप आला होता का? आयबुप्रोफेन, स्टेरॉइड किंवा कोल्चिसिन चालू आहे का? दमा किंवा ॲलर्जी आहे का? आज सकाळी जोरदार व्यायाम झाला का? मुंबईत जून ते सप्टेंबर पहिल्या प्रश्नाला विशेष महत्त्व येतं. मलेरिया, डेंग्यू आणि लेप्टोचा तो हंगाम. नुकत्याच तापातून उठलेल्या माणसाचे न्यूट्रोफिल आधीच चेतवलेले असतात. बफरमध्येही ते लांबुळके होऊन सरकायला लागतात आणि कंट्रोलचा, म्हणजे रसायन न घातलेल्या तुलनेच्या नमुन्याचा, आकडा फुगतो. दम्याचा प्रश्न इओसिनोफिलसाठी, म्हणजे ॲलर्जीत वाढणाऱ्या पांढऱ्या पेशींसाठी आहे. घनतेवर वेगळं करताना ते न्यूट्रोफिलसोबतच तळाशी जातात. ज्याच्या रक्तात ते जास्त, त्याचा नमुना शुद्ध होत नाही.

रक्त परळच्या हॉस्पिटलात काढायचं आणि काम पवईच्या लॅबमध्ये करायचं, असा प्रसंग मुंबईत नेहमीचा. ते सकाळच्या लोकलच्या गर्दीतून नेऊ नये. सुरक्षिततेचा प्रश्न आहेच, शिवाय धक्के आणि उकाडा या दोन्हींनी पेशी चेततात. तिहेरी पॅकिंग करून, नळ्या उभ्या ठेवून, थर्मोकोलच्या डब्यातून गाडीने न्या. डब्यात बर्फ घालू नका. थंड झालेले न्यूट्रोफिल पुन्हा गरम झाले की त्यांच्या पृष्ठभागावर इंटिग्रिन वाढतात आणि पेशी चिकट होतात. शक्य असेल तर दात्यालाच लॅबजवळ बोलवा, यासारखा सोपा उपाय नाही.

पेशी वेगळ्या करणं

निरोगी प्रौढाच्या १ मिली रक्तात साधारण २० ते ७० लाख न्यूट्रोफिल असतात. गळती धरून १० मिलीतून १ ते ३ कोटी हाती लागतात, आणि तेवढे पुरतात.

हेपरिन किंवा ईडीटीएच्या नळीत रक्त घ्या आणि नळी हलक्या हाताने आठ वेळा उलटी करा. ५० मिलीच्या प्लास्टिक नळीत १० मिली रक्त आणि तेवढंच ३ टक्के डेक्स्ट्रानचं द्रावण मिसळा; हे द्रावण ०.९ टक्के मिठाच्या पाण्यात केलेलं हवं. नळी २० ते ३० मिनिटं न हलवता उभी ठेवा. लाल पेशी एकमेकींना चिकटून खाली बसतात आणि वर पेंढ्यासारख्या पिवळसर रंगाचा थर राहतो. पांढऱ्या पेशी त्या थरात असतात. ४० मिनिटांनीही थर वेगळा झाला नाही, तर डेक्स्ट्रानच्या बाटलीवरचं लेबल वाचा. इथे ५ लाख डाल्टनचंच (डाल्टन हे रेणूच्या वजनाचं एकक) डेक्स्ट्रान लागतं. ४० हजार डाल्टनचं लाल पेशींना एकत्र आणत नाही, उलट सुटं ठेवतं. स्टोअरमधून चुकून ते आलेलं असणं हे अगदी नेहमीचं कारण आहे.

वरचा थर अलगद काढून सेंट्रिफ्यूजमध्ये २५० जी वर (जी म्हणजे गुरुत्वाकर्षणाच्या किती पट जोर) १० मिनिटं फिरवा. पेलेट, म्हणजे तळाशी बसलेला पेशींचा गोळा, कॅल्शियम-मॅग्नेशियम नसलेल्या १० मिली हँक्स बफरमध्ये सोडवून घ्या. आता लांब पाश्चर पिपेटने नळीच्या तळाशी १.०७७ घनतेचं फायकॉल हे जड द्रावण १० मिली हळूहळू सोडा, म्हणजे पेशींचा थर आपोआप वर उचलला जाईल. ४०० जी, ३० मिनिटं, २० अंश सेल्सिअस, ब्रेक बंद. ब्रेक चालू राहिला तर थांबताना थर ढवळले जातात.

तापमानाचा आग्रह कशाला? फायकॉलची १.०७७ घनता २० अंशांवर ठरवलेली आहे. मे महिन्यात एसी बंद असलेल्या खोलीत बाटली तिशीच्या वर जाते. तेव्हा लाल पेशींचे गठ्ठे जास्त होतात, लिम्फोसाइट या दुसऱ्या पांढऱ्या पेशी त्यांत अडकून तळाशी जातात आणि न्यूट्रोफिलच्या पेलेटमध्ये भेसळ होते. फायकॉल आधी अर्धा तास २० अंशांच्या सेंट्रिफ्यूजमध्येच ठेवून द्या.

सेंट्रिफ्यूजवर जी नसेल, नुसते आरपीएम असतील, तर रोटरची त्रिज्या सेंटिमीटरमध्ये मोजा. जी म्हणजे ०.००००१११८ गुणिले त्रिज्या गुणिले आरपीएमचा वर्ग. १६ सेंटिमीटर त्रिज्येला ४०० जी म्हणजे जवळपास १५०० आरपीएम आणि २५० जी म्हणजे ११८०. दुसऱ्या लॅबचे आरपीएम तसेच्या तसे उचलू नका, त्यांचा रोटर वेगळा असतो.

फिरवून झाल्यावर मधोमध धुरकट कडं दिसेल. त्यात लिम्फोसाइट आणि मोनोसाइट या पांढऱ्या पेशी आहेत. ते फेकू नका, वेगळ्या नळीत ठेवा. शेवटच्या भागात त्यांचं काम आहे. मग बाकीचं सगळं द्रावण काढा आणि नळीची आतली भिंत निर्जंतुक कापसाच्या काडीने पुसून घ्या. ही पुसण्याची पायरी गाळण्याचा मोह होतो, पण भिंतीला चिकटलेले मोनोसाइट पेलेटमध्ये घसरले तर ते स्वतःच आयएल-८ बनवतात आणि न्यूट्रोफिल तुम्ही काही घालायच्या आधीच चेततात.

तळाशी लालसर पेलेट उरतं. त्यात ०.२ टक्के मिठाचं २० मिली पाणी घाला, मोजून ३० सेकंद हलक्या हाताने हलवा आणि लगेच १.६ टक्के मिठाचं २० मिली पाणी घाला. पहिल्या पाण्यात लाल पेशी फुगून फुटतात, दुसऱ्याने मिठाचं प्रमाण पूर्ववत होतं. घड्याळ समोर ठेवा आणि दुसरं पाणी पिपेटमध्ये आधीच भरून ठेवा. मिनिटभर उशीर झाला तर न्यूट्रोफिलही फुटतात, त्यांचा डीएनए बाहेर येतो आणि नळीत शेंबडासारखे धागे दिसतात. असे धागे दिसले की तो नमुना संपला. गाळून वाचवायच्या भानगडीत पडू नका. ठीक असेल तर २५० जीवर ६ मिनिटं फिरवा. पेलेट अजून लाल असेल तर हीच पायरी आणखी एकदा, तिसऱ्यांदा नाही.

मेलेल्या पेशी निळ्या करणाऱ्या ट्रिपॅन ब्लूने तपासल्यावर ९७ टक्क्यांच्या वर पेशी जिवंत हव्यात. लेशमन रंग दिलेल्या स्लाइडवर २०० पेशी मोजा. ९५ टक्के न्यूट्रोफिल हवेत. पण या दोन आकड्यांपेक्षाही जास्त सांगून जातो तो पेशींचा आकार. बफरमधला थेंब स्लाइडवर ठेवून बघा. शांत न्यूट्रोफिल गोल आणि सुटे असतात. निम्मे लांबुळके किंवा घोसाने चिकटलेले दिसले तर पुढे जाऊ नका. कारण बहुतेक वेळा बफरमधल्या एंडोटॉक्सिनमध्ये, म्हणजे जिवाणूंच्या आवरणातल्या विषारी अंशात सापडतं. ऑटोक्लेव्हने जिवाणू मरतात, एंडोटॉक्सिन तसंच राहतं. काचेची भांडी २५० अंशांच्या कोरड्या उष्णतेत अर्धा तास ठेवा आणि पाणी व अल्ब्युमिन एंडोटॉक्सिन तपासलेलंच घ्या. दुसरं कारण म्हणजे व्हॉर्टेक्स, नळी जोरात घुसळणारं यंत्र. या पेशींना व्हॉर्टेक्स कधीच लावायचा नाही, आणि नळ्या पॉलिप्रॉपिलीनच्या वापरायच्या, कारण काचेला त्या चिकटतात.

जाळीतून पलीकडे: चार विहिरींची मांडणी

स्टीफन बॉयडन यांनी १९६२ साली दोन कप्प्यांमध्ये सच्छिद्र पडदा ठेवून ही मोजणी सुरू केली. आजचा ट्रान्सवेल इन्सर्ट, म्हणजे विहिरीत बसणारा, तळाला सच्छिद्र पडदा असलेला छोटा प्याला, हे त्याचंच रूप. न्यूट्रोफिलसाठी ३ मायक्रॉनची छिद्रं, लिम्फोसाइट आणि डेंड्रिटिक पेशींसाठी ५, मॅक्रोफेजसाठी ८. न्यूट्रोफिलला ८ मायक्रॉनचा पडदा लावला तर पेशी चालत न जाता नुसत्या टपकतात.

आकर्षण म्हणून एफएमएलपी हे फॉर्मिल पेप्टाइड वापरा. स्वस्त आहे, टिकतं आणि निरोगी माणसाच्या न्यूट्रोफिलकडून हमखास प्रतिसाद मिळतो. ४.४ मिलिग्रॅम पावडर १ मिली डीएमएसओमध्ये म्हणजे १० मिलिमोलर. छोट्या भागांत उणे २० अंशांवर ठेवा. कामाच्या दिवशी शंभरपट, पुन्हा शंभरपट, पुन्हा शंभरपट असं तीनदा पातळ केलं की १० नॅनोमोलर मिळतं. एका झटक्यात दहा लाखपट पातळ करायला जाऊ नका, पिपेटची चूकही तितकीच वाढते. पातळ करायचा बफर म्हणजे कॅल्शियम-मॅग्नेशियम असलेला हँक्स, २० मिलिमोलर हेपेस (पीएच स्थिर ठेवणारं रसायन), ०.१ टक्का अल्ब्युमिन, पीएच ७.४. अल्ब्युमिन नसेल तर पेप्टाइड प्लास्टिकला चिकटतं आणि तुम्ही समजता त्यापेक्षा फार कमी द्रावणात उरतं.

पेशींचा बफर बदलून त्या याच बफरमध्ये २० लाख प्रति मिली अशा घ्या. खालच्या विहिरीत ६०० मायक्रोलिटर, वर १०० मायक्रोलिटर, म्हणजे २ लाख पेशी. मांडणी अशी. पहिल्या विहिरीत वर-खाली दोन्हीकडे नुसता बफर. दुसरीत खाली १० नॅनोमोलर, वर बफर. तिसरीत दोन्हीकडे १० नॅनोमोलर. चौथीत वर १० नॅनोमोलर, खाली बफर. प्रत्येकीच्या तीन प्रती. शिवाय एका विहिरीत इन्सर्ट न लावता २ लाख पेशी थेट खाली घाला. टक्केवारी काढायची ती या विहिरीत प्रत्यक्ष मोजलेल्या आकड्यावरून, कागदावरच्या २ लाखांवरून नाही.

तिसरी विहीर हा या प्रयोगाचा कणा आहे. तिथे रसायन भरपूर आहे पण उतार, म्हणजे एका बाजूकडून दुसरीकडे बदलत जाणारं प्रमाण, नाही. दुसरीचा आकडा तिसरीपेक्षा स्पष्ट जास्त आला तरच ‘दिशेने गेल्या’ म्हणा. दुसरी आणि तिसरी सारख्याच भरल्या तर पेशी नुसत्या चपळ झाल्या आहेत. पुष्कळ प्रबंधांत पहिली आणि दुसरी एवढ्याच विहिरी असतात, आणि तेवढ्यावरून केमोटॅक्सिसचा दावा केलेला असतो. तो दावा टिकत नाही.

इन्सर्ट विहिरीत तिरका धरून सोडा. सरळ दाबला तर पडद्याखाली हवेचा बुडबुडा अडकतो आणि तेवढ्या भागातून एकही पेशी जात नाही. ३७ अंशांवर ४५ ते ६० मिनिटं. जास्त वेळ ठेवून फायदा नाही. रसायन पडद्यातून वर झिरपत जातं आणि उतार सपाट होतो.

नंतर खालच्या द्रावणात ईडीटीए ५ मिलिमोलर होईल इतकं घाला आणि १० मिनिटं बर्फावर ठेवा, म्हणजे पडद्याच्या खालच्या बाजूला आणि विहिरीच्या तळाला चिकटलेल्या पेशी सुटतील. मोजताना हिशेब आधी करून बघा. २ लाखांतले ४० टक्के उतरले तर ६०० मायक्रोलिटरमध्ये ८० हजार, म्हणजे हिमोसायटोमीटरच्या (पेशी मोजायच्या चौकोन आखलेल्या काचेच्या) एका मोठ्या चौकोनात तेरा-चौदा पेशी. नऊही चौकोन मोजले तर काम भागतं. पण बफरच्या विहिरीत ५ टक्केच उतरले तर एका चौकोनात दोनही मिळत नाहीत, आणि त्या आकड्याला काही अर्थ राहत नाही. म्हणून सगळ्या विहिरींचं द्रावण फिरवून ६० मायक्रोलिटरमध्ये आणा आणि मग मोजा.

एकाच प्रमाणावर थांबू नका. १, १०, १०० आणि १००० नॅनोमोलर अशी मालिका लावा. आलेख आधी चढतो आणि मग उतरतो, घंटेसारखा. १००० ला आकडा पडलेला पाहून बरेच जण रसायन विषारी आहे असं समजतात. तसं नाही. पेशीच्या पुढच्या आणि मागच्या दोन्ही बाजूंचे रिसेप्टर (रसायन ओळखणारी प्रथिनं) भरून गेले की फरक मोजायला काही उरत नाही. घरभर सारखाच वास पसरला की तो कुठून येतो ते नाकाला सांगता येत नाही, तसं. शंका असेल तर त्याच विहिरीतल्या पेशींना ट्रिपॅन ब्लू लावा, जिवंत सापडतील.

डोळ्यांनी बघणं: अगारोजखालची वाट

ट्रान्सवेल शेवटचा आकडा देतो, वाट दाखवत नाही. वाट बघायची तर अगारोजची पद्धत घ्या. ०.१२ ग्रॅम अगारोज ५ मिली हँक्समध्ये उकळून विरघळवा. उकळण्याआधी आणि नंतर बाटलीचं वजन करा. जितकं कमी भरेल तितकं निर्जंतुक पाणी घाला. वाफ गेल्याने क्षार वाढतात आणि पेशी आक्रसून जागच्या जागी बसतात, ही चूक सहसा लक्षातच येत नाही. ५५ अंशांपर्यंत निवल्यावर त्यात २० टक्के सीरम असलेलं कोमट आरपीएमआय (पेशींचं पोषक माध्यम) ५ मिली मिसळा. ३५ मिलिमीटरच्या डिशमध्ये ३ मिली ओता, अर्धा तास घट्ट होऊ द्या, मग इन्क्युबेटरमध्ये अर्धा तास ठेवा.

एका रेषेत ३ मिलिमीटर व्यासाची तीन भोकं पाडा, दोन भोकांच्या कडांमध्ये २ मिलिमीटरचं अंतर. आतला गोळा सुईने अलगद उचला. ओढून काढला तर अगारोज तळापासून सुटतं आणि सगळं द्रावण त्या फटीतून पसरून उतारच बनत नाही. मधल्या भोकात १ कोटी प्रति मिली अशा पेशी १० मायक्रोलिटर, एका बाजूला १ मायक्रोमोलर एफएमएलपी १० मायक्रोलिटर, दुसऱ्या बाजूला बफर. एफएमएलपी इथे जास्त घ्यायचं, कारण पेशींपर्यंत पोचेतो ते खूप पातळ होतं. बफरची बाजू म्हणजे त्याच डिशमधला कंट्रोल.

तासाभरात मधल्या भोकाच्या कडेबाहेर पेशी येताना दिसतील. १० पट ऑब्जेक्टिव्हखाली एकदा डोळे भरून बघाच. पुढे पातळ, दाणे नसलेला पंखा पसरतो. मागोमाग दाण्यांनी गच्च भरलेलं अंग ओतलं जातं. सगळ्यात मागे चिमटीत धरल्यासारखं शेपूट, ते तळाला चिकटून ताणलं जातं आणि सुटतं. वळायचं असेल तेव्हा बऱ्याचदा पुढच्या पंख्याला दोन फाटे फुटतात, क्षणभर दोन्ही वाढतात, मग एक विरतो आणि पेशी उरलेल्या फाट्याकडे जाते.

दर २० ते ३० सेकंदांनी एक चित्र, असं ४० मिनिटं घ्या. न्यूट्रोफिल मिनिटाला साधारण १० मायक्रॉन जातो, म्हणजे ३० सेकंदांत ५ मायक्रॉन, अंगाच्या निम्म्याइतका. दोन चित्रांत याहून जास्त अंतर पडलं तर गर्दीत कोणती पेशी कोणती ते सॉफ्टवेअरला ओळखता येत नाही. मायक्रोस्कोपवर कार्बन डायऑक्साइडची सोय नसेल तर आरपीएमआयमध्ये २० मिलिमोलर हेपेस घाला. एसीचा झोत थेट स्टेजवर येऊ देऊ नका, फोकस सरकत राहतो. पावसाळ्यात फ्रिजमधून काढलेली डिश लगेच लावली तर तळाला दव धरतं आणि चित्र धूसर येतं. त्याच हवेत ऑब्जेक्टिव्हच्या आत बुरशी धरते. लेन्स सिलिका जेलच्या बंद डब्यात ठेवायला आणि निळी जेल गुलाबी झाली की लगेच बदलायला कुणा एकावर जबाबदारी द्या. बुरशीने काचेवरचा लेप एकदा खाल्ला की लेन्स दुरुस्त होत नाही.

वाट मोजणं

फिजी या चित्रं मोजायच्या सॉफ्टवेअरमधलं ट्रॅकमेट मोफत आहे आणि पुरेसं आहे. आधी एखादी मेलेली पेशी किंवा धुळीचा कण धरून स्टेज किती सरकलं ते वजा करा. हे केलं नाही तर सगळ्याच पेशींना खोटी दिशा मिळते. प्रत्येक पेशीचे तीन आकडे काढा: वेग, सरळपणा म्हणजे सरळ अंतर भागिले चाललेली वाट, आणि उताराच्या दिशेने झालेली प्रगती भागिले चाललेली वाट. तिसरा आकडा बफरच्या बाजूला शून्याच्या आसपास यायला हवा. वेग वाढला पण हा आकडा हलला नाही, तर ते केमोकायनेसिस.

चित्राबाहेर निघून गेलेल्या पेशी आपोआप गाळल्या जातात आणि त्याच सर्वांत चपळ असतात. म्हणून सगळ्या नमुन्यांत चित्रातला तोच भाग, तेवढाच वेळ ठेवा. एका नमुन्यात ४० पेशी मोजल्या तर संख्या ४० होत नाही. संख्या म्हणजे दाते. एकाच माणसाच्या ४०० पेशींवर काढलेला पी-व्हॅल्यू फसवा असतो. निदान तीन दाते घ्या, जमलं तर पाच.

पेशी एकमेकींना काय सांगतात

एफएमएलपीचा उतार लांबवर इतका सपाट होतो की एकट्या पेशीला त्याचा माग लागणं कठीण. तरीही दूरच्या पेशी वळतात, कारण पुढच्या न्यूट्रोफिल ल्युकोट्रायीन बी४ सोडतात आणि मागच्या ते वाचतात. उंदराच्या कानाच्या त्वचेत लेझरने छोटी जखम करून न्यूट्रोफिलचे थवे जमताना पाहिले गेले. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या त्या कामात दूरच्या पेशींना बोलावणारं रसायन हेच निघालं.

हे तुमच्या डिशमध्येही तपासता येतं. त्याच दात्याच्या पेशी एका डिशमध्ये १ कोटी प्रति मिली आणि दुसरीत १० लाख प्रति मिली लावा. निरोप पुढून मागे जात असेल, तर विरळ डिशमध्ये उगमापासून लांबच्या पेशींची दिशा ढिली पडेल, जवळच्यांची फारशी नाही. मग दाट डिशच्या पेशींना एमके-८८६ हे ल्युकोट्रायीन बनू न देणारं औषध १ मायक्रोमोलर, २० मिनिटं आधी द्या. दाट डिश विरळ डिशसारखी वागू लागली की पुरावा पक्का. औषध डीएमएसओमध्ये असतं, तेव्हा कंट्रोललाही तेवढाच डीएमएसओ हवा, ०.१ टक्क्याच्या आत. दाटीचा असा परिणाम होतो म्हणूनच दोन नमुन्यांतली पेशींची संख्या काटेकोर सारखी लागते. एका रुग्णाच्या पेशी कमी मिळाल्या म्हणून कमी लावल्या, तर तुम्ही रोग मोजत नसता, गर्दी मोजत असता.

कोलॅजेनमधून लिम्फ नोडकडे

राखून ठेवलेलं धुरकट कडं आता बाहेर काढा. १८९६ साली मुंबईत प्लेग आला तेव्हा लोकांच्या जांघेत आणि काखेत गाठी येत. पिसवा बहुधा पायाला चावत आणि पायाकडचा लिम्फ जांघेतल्या नोडकडे जातो, म्हणून गाठ तिथे उठे. ऊतकातली डेंड्रिटिक पेशी शत्रूचा तुकडा घेऊन निघते तीही याच लिम्फच्या वाटेने. तिला दिशा देणारे केमोकाइन, म्हणजे पेशींना बोलावणारी प्रथिनं, ती सीसीएल१९ आणि सीसीएल२१, आणि ते ओळखणारा रिसेप्टर सीसीआर७.

कड्यातल्या पेशी दोन तास प्लास्टिकवर ठेवा, चिकटतात त्या मोनोसाइट. त्यांना जीएम-सीएसएफ आणि आयएल-४ ही पेशींना निरोप देणारी प्रथिनं देऊन सहा दिवस वाढवलं की डेंड्रिटिक पेशी मिळतात. नंतर रात्रभर एलपीएस (म्हणजे एंडोटॉक्सिनच) १०० नॅनोग्रॅम प्रति मिली द्या, आणि सोबत प्रोस्टाग्लँडिन ई२ १ मायक्रोग्रॅम प्रति मिली. दुसरं सहसा विसरलं जातं. माणसाच्या पेशी नुसत्या एलपीएसने पक्व दिसतात, पण सीसीएल१९ कडे चालत नाहीत. केमोकाइन परदेशातून येतं आणि सहारच्या कार्गोत चार दिवस अडकूही शकतं. सुकवलेली पावडर असेल तर त्याने सहसा बिघडत नाही. कुपी उघडण्याआधी एकदा फिरवा, पावडर झाकणाला चिकटलेली असते.

३ मिलिग्रॅम प्रति मिली कोलॅजेन २२७ मायक्रोलिटर, दहापट तीव्र एमईएम माध्यम २५, ७.५ टक्के सोडियम बायकार्बोनेट १५, आणि माध्यमातल्या पेशी १३३. एकूण ४०० मायक्रोलिटर, कोलॅजेन १.७ मिलिग्रॅम प्रति मिली. सगळं बर्फावर करा. रंग पिवळा राहिला तर आम्ल उरलंय, जेल बसणार नाही. गडद गुलाबी झाला तर बायकार्बोनेट जास्त झालंय. नारिंगीकडे झुकलेला फिकट गुलाबी रंग बरोबर. मुंबईच्या हवेत हे मिश्रण टिपमध्येच घट्ट व्हायला लागतं, म्हणून टिपचा डबा आणि चेंबर (जेल भरायची छोटी काचेची पेटी) दोन्ही आदल्या रात्री फ्रिजमध्ये ठेवा. भरल्यावर ३७ अंशांवर ४५ मिनिटं, आणि पहिली पाच मिनिटं दर मिनिटाला चेंबर उलटं करा, नाहीतर पेशी तळाशी बसतात आणि तुम्ही जाळ्यातली चाल न मोजता काचेवरची चाल मोजता. वरून सीसीएल१९ ०.६ मायक्रोग्रॅम प्रति मिली असलेलं माध्यम घाला आणि दर मिनिटाला एक चित्र घ्या.

पेशी फांद्या पसरतात पण जागची हलत नाही, असं दिसलं तर आधी जाळं तपासा. कोलॅजेन जास्त झालं की छिद्रं लहान होतात आणि केंद्रक अडकतं. पेशीचं बाकीचं अंग कुठूनही पिळून निघतं, केंद्रकाला तेवढं दबता येत नाही. कोलॅजेन १.५ वर आणून बघा. इंटिग्रिन रोखणारं प्रतिपिंड घालूनही पेशी चालत राहिली, तर प्रयोग फसला असं धरू नका. त्रिमितीय जाळ्यात डेंड्रिटिक पेशी न चिकटताही, ॲक्टिनच्या प्रवाहावर पुढे सरकू शकते, हे २००८ पासून माहीत आहे. सपाट काचेवर मात्र तेच प्रतिपिंड तिला थांबवतं. म्हणून दोन्ही ठिकाणी एकाच दिवशी, एकाच दात्याच्या पेशींवर चाचणी लावा आणि दोन्ही फिल्म शेजारी ठेवून मोजा. उरलेलं रक्त आणि द्रावणं १ टक्का हायपोक्लोराइटमध्ये अर्धा तास ठेवून मग टाका; टिप आणि नळ्या लाल पिशवीत, सुया पांढऱ्या न भोसकणाऱ्या डब्यात, रक्ताळलेला कापूस पिवळ्या पिशवीत.